अँटिबायोग्रॅम : एका शब्दाचे तीन अर्थ

औषधाविषयीं बोलतांना मराठी माणूस तीन निरनिराळे वाक्प्रचार वापरतो, आणि त्यांतील भेद त्याच्या क्वचितच ध्यानांत येतो. औषध ‘लागू पडलें’ असें तो म्हणतो तेव्हां कर्तेपण औषधाकडे असतें. रोग औषधाला ‘दाद देत नाहीं’ असें म्हणतो तेव्हां तें रोगाकडे जातें. आणि ‘गुण आला’ असें म्हणतो तेव्हां औषध व रोग हे दोघेहि मागें राहून रोगी पुढें येतो. घरगुती बोलण्यांत हे तीन प्रयोग एकमेकांच्या जागीं सर्रास येतात आणि त्यानें फारसें कांहीं बिघडत नाहीं. परंतु वैद्यकशास्त्राला या तीन गोष्टी वेगळ्या करून मोजाव्या लागल्या, आणि त्या खटाटोपांतून जो एक शब्द रूढ झाला तो म्हणजे ‘अँटिबायोग्रॅम’.

हा शब्द ज्यांनीं ऐकलेला नाहीं त्यांनींहि त्याचा कागद पाहिलेला असतो; घरांत त्याला ‘कल्चर-सेन्सिटिव्हिटीचा रिपोर्ट’ असें म्हणतात. ताप हटत नाहीं, लघवीची जळजळ थांबत नाहीं, शस्त्रक्रियेची जखम पू धरते, म्हणून डॉक्टर रक्त, लघवी किंवा पू तपासणीस पाठवितात. दोन-तीन दिवसांनीं कागद येतो. वर एखाद्या जंतूचें लॅटिन नांव, खालीं औषधांची यादी, आणि प्रत्येक औषधापुढें एस्, आय् किंवा आर् यांपैकीं एक इंग्रजी अक्षर. एस् म्हणजे जंतु औषधाला दाद देतो, आर् म्हणजे देत नाहीं, आणि आय् म्हणजे या दोहोंच्या मधलें कांहीं तरी, असा त्याचा ढोबळ अर्थ घेतला जातो.

ढोबळ अर्थानें काम भागतें तोंवर ठीक; पण तो अर्थ फसवितोहि. एस् या अक्षराचें जुनें विवरण ‘सेन्सिटिव्ह’ असें आहे. ज्या माणसाच्या अंगावर पेनिसिलिननें गांधी उठतात, धाप लागते, त्यालाहि पेनिसिलिनला ‘सेन्सिटिव्ह’ असेंच म्हणतात. एका अर्थानें औषध द्यावें असें ठरतें, दुसऱ्या अर्थानें तें मुळींच देऊं नये असें ठरतें. पहिला अर्थ जंतूविषयीं आहे, दुसरा रोग्याविषयीं. इंग्रजी शास्त्रीय लेखनांत ‘सेन्सिटिव्हिटी’ मागें पडून ‘ससेप्टिबिलिटी’ हा शब्द पुढें आला, त्यानें हा घोटाळा बराच टळला. पण बोलण्यांत जुना शब्द अजून घट्ट बसला आहे. ‘मला या औषधाचा रेझिस्टन्स आला आहे,’ असें सांगणारीं माणसें तर घरोघर भेटतात. वास्तविक प्रतिरोध माणसाला येत नाहीं, तो जंतूला येतो. माणूस कधींहि तें औषध न घेतलेला असला तरी दुसऱ्याकडून त्याला प्रतिरोधी जंतु मिळूं शकतो. शब्दाचा कर्ता बदलला कीं सगळी समजूत कशी बदलते, याचें याहून चांगलें उदाहरण मिळणें कठीण.

शब्दाची घडण ग्रीक आहे. ‘अँटि’ म्हणजे विरुद्ध, ‘बायोस’ म्हणजे जीवन, आणि ‘ग्राम्मा’ म्हणजे लिहिलेलें. टेलिग्रॅम म्हणजे दुरून आलेलें लिखाण, कार्डिओग्रॅम म्हणजे हृदयाचें लिखाण. त्याच चालीवर अँटिबायोग्रॅम म्हणजे प्रतिजैविकांपुढें एखाद्या जंतूचें काय झालें याचें लिखाण. यांतील ‘अँटिबायोसिस’ ही कल्पना पॉल व्हिलेमँ या फ्रेंच शास्त्रज्ञानें १८८९ मध्यें एका जीवानें दुसऱ्याच्या जीवनास केलेल्या विरोधास उद्देशून मांडली. ‘अँटिबायोटिक’ हें नाम मात्र सेल्मन वाक्समन याच्यामुळें १९४० नंतरच्या दोन-तीन वर्षांत रूढ झालें. लिहून ठेवण्यासारखें कांहीं आहे, हें मात्र या दोन्ही घटनांच्या मधल्या काळांतच कळूं लागलें होतें.

फ्रँकफुर्ट येथें पॉल एर्लिख हा उंदरांना ट्रिपॅनोसोम नांवाच्या परजीवींची बाधा करून त्यांवर रंगद्रव्यें व सोमलाचीं संयुगें यांचा प्रयोग करीत असे. १९०७ च्या सुमारास त्याच्या प्रयोगशाळेंत असें दिसून आलें कीं, एकच औषध पुनःपुन्हा दिलें असतां परजीवी त्याला दाद देईनासे होतात. त्या उंदरांतून दुसऱ्या उंदरांत सोडले तरी त्यांचा हा हट्ट कायम राहतो. मात्र वेगळ्या जातीच्या औषधाला ते पूर्वींप्रमाणेंच बळी पडतात. एका औषधाला न जुमानणारा परजीवी दुसऱ्या औषधाला जुमानतो, ही गोष्ट साधी दिसते. पण अँटिबायोग्रॅमच्या सर्व कल्पनेचें बीज तिच्यांत आहे. कोणत्या जंतूनें कोणत्या औषधाला दाद दिली, याची यादी करण्यास अर्थ आहे, हें तेथें प्रथम स्पष्ट झालें.

यादी करावयाची कशावर? त्याची सोय जर्मनींत कॉखच्या शिष्यवर्गांत आधींच झाली होती. जंतु वाढविण्यासाठीं लागणारी भूमि घट्ट, पारदर्शक आणि उष्णतेनें न वितळणारी हवी होती. फॅनी हेसे या बाईंनीं आपल्या स्वयंपाकघरांतील अनुभवावरून आगर-आगर सुचविलें. मराठी घरांत ज्याला चायना ग्रास म्हणतात आणि ज्याचें पुडिंग करतात, तेंच हें समुद्रशैवालाचें सत्त्व. १८८७ मध्यें रिशार्ड पेट्री यानें झांकणाची सपाट बशी सुचविली. बशीं व आगर एकत्र आलीं आणि जंतूंना लिहावयास पाटी मिळाली.

त्या पाटीवरचीं पहिलीं महत्त्वाचीं अक्षरें लंडनच्या सेंट मेरी रुग्णालयांत उमटलीं. १९२८ च्या सप्टेंबरांत अलेक्झांडर फ्लेमिंग याच्या बशींत पडलेल्या बुरशीची कथा सर्वश्रुत आहे; पण त्यानंतर त्यानें काय केलें तें तितकें प्रसिद्ध नाहीं. त्यानें आगरांत एक चर खणला, त्यांत बुरशीचा रस मिसळलेलें आगर भरलें, आणि त्या चरापासून बशीच्या कडेपर्यंत निरनिराळ्या जंतूंच्या रेघा ओढल्या. दुसऱ्या दिवशीं पाहतो तों कांहीं रेघा चरापर्यंत बिनदिक्कत वाढत गेलेल्या, आणि कांहीं चरापासून दूरच थबकलेल्या. पू करणारे जंतु, न्यूमोनियाचे जंतु, घटसर्पाचे जंतु थबकले. टायफॉइडच्या कुळांतील जंतु आणि इन्फ्लुएंझाचा म्हणून तेव्हां ओळखला जाणारा जंतु मात्र थेट भिडले. १९२९ च्या त्याच्या निबंधांत ही बशी आहे. तो शब्द तेव्हां कोणी वापरला नव्हता. पण अनेक जंतूंचा एका औषधापुढचा तो एक अँटिबायोग्रॅमच होता. विशेष असें कीं फ्लेमिंगनें त्याचा पहिला उपयोग रोग बरा करण्यासाठीं सुचविला नाहीं. दाद न देणारा जंतु वेगळा काढण्यास हा रस उपयोगी पडेल, हें त्याला प्रथम महत्त्वाचें वाटलें.

ऑक्सफर्ड येथें फ्लोरी, चेन आणि हीटली यांनीं १९४० मध्यें पेनिसिलिनला औषधाचें रूप दिलें, तेव्हां बशीचा उपयोग उलट्या बाजूनें झाला. त्यांना जंतु माहीत होता. ठाऊक नव्हतें तें औषधाचें बळ. हीटलीनें आगरावर लहान नळकांडीं ठेवून त्यांत पेनिसिलिनचें द्रावण ओतलें आणि सभोवार जंतूंची वाढ किती अंतरापर्यंत थांबते तें मोजलें. वर्तुळ मोठें तर औषध तीव्र. पुढें औषधाचें प्रमाण ठरलेलें असे आणि जंतु अनोळखी, तेव्हां तेंच वर्तुळ जंतूची परीक्षा करूं लागलें. एकाच वर्तुळाचा अर्थ प्रश्नाप्रमाणें बदलला.

‘दाद’ आणि ‘गुण’ यांतील अंतरहि ऑक्सफर्डनेंच दाखविलें. १९४१ च्या फेब्रुवारींत तेथील एका पोलीस शिपायाला पेनिसिलिन देण्यास आरंभ झाला. त्याच्या शरीरभर पसरलेल्या जंतुदोषाचे जंतु पेनिसिलिनला दाद देणारे होते. ताप उतरला, भूक परत आली. परंतु साठा अपुरा होता. त्याच्या लघवींतून निघालेलें पेनिसिलिन पुन्हा शुद्ध करून त्यालाच देण्यांत आलें, तरी तें संपलें. मार्चमध्यें तो शिपाई मरण पावला. जंतूनें दाद दिली होती, पण रोग्याला गुण आला नाहीं. कारण मात्रा आणि मुदत या दोन गोष्टी बशीवर लिहिल्या जात नाहींत.

दुसऱ्या बाजूनें जंतूंचा हट्टहि लगेच नजरेस आला. पेनिसिलिन सर्वत्र मिळूं लागण्यापूर्वींच, १९४० मध्यें, एब्रहॅम आणि चेन यांनीं एका जंतूपासून पेनिसिलिन नष्ट करणारें विकर वेगळें केल्याचें प्रसिद्ध केलें होतें. १९४५ च्या डिसेंबरांत नोबेल पारितोषिक स्वीकारतांना फ्लेमिंगनें, औषध अपुऱ्या मात्रेंत घेतल्यास जंतु मरण्याऐवजीं शिकून तयार होतील असा इशारा दिला. लंडनच्या हॅमरस्मिथ रुग्णालयांत मेरी बार्बर या विदुषीनें पू करणाऱ्या स्टॅफिलोकॉकस जंतूंची वर्षानुवर्ष मोजदाद ठेवली. १९४६ मध्यें पेनिसिलिनला न जुमानणारे जंतु थोडे होते. १९४८ मध्यें ते निम्म्याहून अधिक झाले. जंतु एकाएकीं शहाणे झाले असा याचा अर्थ नव्हे. मरणारे मेले, न मरणारे उरले, आणि रुग्णालयांत एका खाटेवरून दुसऱ्या खाटेवर तेच पसरले. अशा स्थितींत जंतूचें नांव कळून उपचार ठरविण्याचे दिवस संपले. नांव एक असलें तरी वर्तन एक असेल असा भरंवसा उरला नाहीं, म्हणून प्रत्येक रोग्याच्या जंतूला वेगळें विचारणें भाग पडलें.

विचारण्याची सोपी रीत हवी होती. औषधांत भिजवून वाळविलेल्या गाळणकागदाच्या चकत्या १९४० नंतरच्या दशकांत वापरांत आल्या. अमेरिकेंत बाँडी व त्याचे सहकारी यांनीं १९४७ मध्यें त्यांच्या साह्यानें रोजच्या कामाची पद्धति मांडली. एका बशीवर जंतु पसरावयाचे, वर पांच-सहा निरनिराळ्या औषधांच्या चकत्या ठेवावयाच्या, आणि रात्रभर उबेंत ठेवून सकाळीं वर्तुळें पाहावयाचीं. स्वस्त, सुटसुटीत आणि डोळ्यांना पटणारी ही युक्ति जगभर पसरली. परंतु तिच्याबरोबर गोंधळहि पसरला. एका प्रयोगशाळेची चकती तीव्र, दुसरीची सौम्य. एकीकडे आगराचा थर जाड, दुसरीकडे पातळ. कोणी जंतु दाट पेरी, कोणी विरळ. सल्फा औषधांच्या बाबतींत तर बशींतील अन्नांत एखादें विशिष्ट द्रव्य असलें तर औषधाचा परिणामच दिसत नसे. परिणाम असा होई कीं, एकाच रोग्याचा जंतु एका ठिकाणीं ‘सेन्सिटिव्ह’ ठरे आणि दुसऱ्या ठिकाणीं ‘रेझिस्टंट’. लिखाण होतें, पण लिपि प्रत्येकाची निराळी होती.

जागतिक आरोग्य संघटनेच्या तज्ज्ञमंडळानें १९६१ मध्यें या गोंधळाविषयीं अहवाल प्रसिद्ध केला. निर्णायक काम झालें तें अमेरिकेंतील सिअ‍ॅटल शहरीं, वॉशिंग्टन विद्यापीठांत. बाउर, कर्बी, शेरिस आणि टर्क या चौघांनीं १९६६ मध्यें एक निबंध प्रसिद्ध केला. पुढें जगांतील बहुतेक प्रयोगशाळांनीं ज्या रीतीचा अंगीकार केला ती ‘कर्बी-बाउर’ पद्धति हीच. तिच्यांत कोणताहि नवा शोध नव्हता. होती ती शिस्त. आगर कोणतें घ्यावयाचें तें ठरलें : हार्वर्ड येथें म्यूलर आणि जेन हिंटन यांनीं १९४१ मध्यें तयार केलेलें. थर सुमारें ४ मिलिमीटर जाड असावयाचा. जंतूंचें द्रावण किती गढूळ असावें याचा एक नमुना ठरला, आणि डोळ्यांनीं त्याच्याशीं ताडून पाहून द्रावण तयार करावयाचें असा नियम झाला. चकतींत औषध किती, उब किती, तास किती, हेंहि ठरलें. एवढें सगळें सारखें केलें म्हणजेच वर्तुळाच्या व्यासाला कांहीं अर्थ येतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या पुढाकारानें झालेल्या आंतरराष्ट्रीय पाहणीचा एरिक्सन व शेरिस यांचा अहवाल १९७१ मध्यें निघाला, आणि लिपि एक होण्याचा मार्ग मोकळा झाला.

येथें एका सामान्य गैरसमजाचा उल्लेख अवश्य केला पाहिजे. ज्या औषधाचें वर्तुळ मोठें तें औषध श्रेष्ठ, असें पाहणाराला साहजिकच वाटतें. तें खरें नाहीं. व्हँकोमायसिनचा रेणु मोठा असल्यामुळें तो आगरांतून सावकाश पसरतो आणि त्याचें वर्तुळ लहान पडतें. म्हणून तें औषध दुबळें ठरत नाहीं. प्रत्येक औषधासाठीं किती मिलिमीटरच्या पुढें एस् म्हणावयाचें याची सीमारेषा वेगळी असते. ती सीमा ठरवितांना जंतूची वाढ थांबविण्यास औषधाचें किमान किती प्रमाण लागतें, नेहमींच्या मात्रेनें रोग्याच्या रक्तांत तें किती चढतें, आणि प्रत्यक्ष रोगी किती बरे झाले, या तिन्ही गोष्टी पाहिल्या जातात. अर्थात् एस् हें अक्षर जंतूचा स्वभाव सांगत नाहीं आणि औषधाचा गुणधर्महि सांगत नाहीं. हा जंतु, हें औषध आणि ही मात्रा यांचा परस्परसंबंध तें सांगतें. कागदावर शेजारीं शेजारीं असलेले दोन एस् म्हणजे दोन सारखे गुण मिळविलेले विद्यार्थी नव्हेत. त्यांच्या परीक्षाच वेगळ्या असतात.

मधल्या आय् या अक्षराची कथा याहून बोधप्रद आहे. कित्येक वर्षें त्याचा अर्थ ‘मध्यम’ असा केला जाई, आणि त्यांत दोन-तीन अर्थ एकत्र कोंबलेले होते. मोजणींत थोडी चूक झाली असेल, असा एक अर्थ; मात्रा वाढविली तर औषध चालेल, असा दुसरा; औषध जेथें सांचतें अशा ठिकाणीं, उदाहरणार्थ लघवींत, तें चालेल, असा तिसरा. डॉक्टर बहुधा या भानगडींत न पडतां आय् ला आर् समजून तें औषध टाळीत आणि अधिक जहाल औषधाकडे वळत. युरोपांतील प्रमाणसमितीनें २०१९ मध्यें अक्षर तेंच ठेवून अर्थ बदलला. त्या नियमावलींत आय् म्हणजे जंतु दाद देतो, मात्र औषधाचा संसर्ग त्याला अधिक प्रमाणांत घडला पाहिजे. अमेरिकन नियमावलीनें मात्र मध्यम हा अर्थ ठेवला आणि मात्रेवर अवलंबून असणाऱ्या दादेसाठीं वेगळी संज्ञा केली. तेव्हां आज तेंच अक्षर, कागद कोणत्या नियमावलीप्रमाणें तयार झाला त्यावर, निराळा अर्थ सांगतें. एका अक्षरापायीं चांगलें औषध फुकट टाकलें जातें किंवा अपुरें दिलें जातें, हें ध्यानांत घेतलें म्हणजे संज्ञेचा काथ्याकूट हा केवळ पंडितांचा खेळ नव्हे हें पटतें.

शिवाय बशी आणि शरीर यांत अंतर आहे तें आहेच. टायफॉइडचा जंतु बशींत जेंटामायसिनपुढें नमतो; पण शरीरांत तो पेशींच्या आंत दडून बसतो आणि तेथें हें औषध त्याला गांठूं शकत नाहीं. म्हणून वर्तुळ कितीहि ऐसपैस पडलें तरी टायफॉइडच्या जंतूपुढें या औषधासमोर एस् लिहूं नये असा नियमच आहे. उलटपक्षीं नायट्रोफ्युरँटोइन हें औषध लघवींत सांचतें, रक्तांत नाहीं. मूत्राशयाच्या दोषावर तें उत्तम, रक्तांतील दोषावर निरुपयोगी. अनुभवी तज्ज्ञांनीं असा एक ठोकताळा बसविला आहे कीं, एस् आलेलें औषध दिल्यावर शंभरांत सुमारें ९० रोगी सुधारतात, आणि आर् आलेलें दिलें तरी सुमारें ६० सुधारतात. शरीराची स्वतःची प्रतिकारशक्ति, पू काढून टाकणें, रोग्याचें वय, या सर्वांचा वांटा त्यांत असतो. दाद आणि गुण यांमधील हें अंतर कोणतीहि चकती भरून काढूं शकत नाहीं.

येथवर अँटिबायोग्रॅमचा पहिला अर्थ झाला : एका रोग्याच्या एका जंतूचें लिखाण. फ्रेंच, स्पॅनिश आणि जर्मन भाषांत आजहि हा शब्द मुख्यतः याच अर्थानें, किंबहुना त्या चाचणीचें नांव म्हणून, चालतो. इंग्रजींत मात्र चाचणीला दुसरें नांव असल्यामुळें हा शब्द मोकळा राहिला आणि त्याला दुसरा अर्थ चिकटला. एखाद्या रुग्णालयांत वर्षभरांत सांपडलेल्या जंतूंचे निकाल एकत्र करून, कोणत्या जातीचे शेंकडा किती जंतु कोणत्या औषधाला दाद देतात याचा जो तक्ता करतात, त्यालाहि अँटिबायोग्रॅम म्हणूं लागले. त्याचें पूर्ण नांव ‘संकलित अँटिबायोग्रॅम’. पण बोलतांना विशेषण गळून पडतें.

या दुसऱ्या अर्थाची गरज खरी आहे. रोगी रात्रीं अत्यवस्थ होऊन येतो, त्याचा कागद हातीं येण्यास दोन-तीन दिवस लागणार, आणि औषध तर आतां दिलें पाहिजे. त्या वेळीं गेल्या वर्षीं या रुग्णालयांत कोणतें औषध किती चाललें, हें सांगणारा तक्ता हाच आधार. तो तयार करण्याचे नियम एकविसाव्या शतकाच्या आरंभीं अमेरिकन प्रमाणसंस्थेनें घालून दिले. वर्षांतून निदान एकदां तक्ता करावा. एका रोग्याचा एका जातीचा पहिलाच जंतु धरावा. ज्या जातीचे ३० हून कमी जंतु असतील तिचें शेंकडेवारींत भाष्य करूं नये. दुसऱ्या नियमाचें कारण उघड आहे. जो रोगी महिनाभर खाटेवर आहे आणि ज्याची तपासणी दहा वेळां झाली, त्याचा एकच हट्टी जंतु दहा जंतु म्हणून मोजला गेला तर सगळें रुग्णालय हट्टी दिसूं लागेल.

भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेनें २०१३ पासून मोठ्या रुग्णालयांचें एक जाळें उभारून असे आंकडे गोळा करण्याचें काम चालविलें आहे, आणि त्यांचे वार्षिक अहवाल निघतात. वर्तमानपत्रांत त्यांतील भयंकर शेंकडेवारी वाचतांना एक गोष्ट विसरूं नये. मोठ्या रुग्णालयांत येणारे रोगी बहुधा दोन-तीन ठिकाणीं औषधें घेऊन, गुण न आल्यामुळें आलेले असतात. त्यांचे जंतु हे गांवांतील साध्या जंतूंचे प्रतिनिधि नव्हेत. शिवाय तक्त्यांत एखाद्या औषधापुढें शेंकडा ८० असा आंकडा असला तरी अमक्या रोग्याचा जंतु त्या ऐंशींतला कीं विसांतला, हें तक्ता सांगूं शकत नाहीं. तें पहिल्या अर्थाच्या अँटिबायोग्रॅमनेंच सांगावयाचें.

तिसरा अर्थ रोगाच्या सांथींशीं निगडित आहे. निरनिराळ्या रोग्यांच्या जंतूंचे कागद शेजारीं ठेवले आणि एस्-आर् यांची नक्षी हुबेहूब जुळली, तर ते जंतु एकाच मुळाचे असल्याचा संशय येतो. येथें अँटिबायोग्रॅम हा जंतूच्या अंगठ्याच्या ठशासारखा वापरला जातो. मात्र हा ठसा पुसट असतो, आणि जनुकांच्या परीक्षेवांचून त्यावर निकाल देतां येत नाहीं. तरीहि पहिली हांक पुष्कळदां तोच देतो. टायफॉइडवर १९४८ पासून क्लोरँफेनिकॉल हें औषध जणूं हुकमी ठरलें होतें. १९७२ मध्यें मेक्सिकोंत, आणि त्याच वर्षीं केरळांत कोळिकोड येथें, टायफॉइडचे जंतु त्याला दाद देईनासे झाले. कोळिकोडच्या संशोधकांनीं हा प्रतिरोध एका जंतूकडून दुसऱ्याकडे जाऊं शकतो हेंहि दाखविलें. पंचवीस वर्षांचा विश्वास ढांसळल्याची वर्दी बशीवरील वर्तुळ नाहींसें झालें तेव्हां मिळाली.

शब्द जपून वापरण्याची निकड मुंबईच्या एका घटनेनें अलीकडे पुन्हा पटविली. २०११ च्या अखेरीस मुंबईच्या हिंदुजा रुग्णालयांतील डॉक्टरांनीं क्षयाच्या चार रोग्यांची हकीकत एका अमेरिकन नियतकालिकांत प्रसिद्ध केली. त्यांचे जंतु, तपासलेल्या पहिल्या व दुसऱ्या फळीच्या सर्व औषधांना प्रतिरोधी आढळले होते, आणि त्या रोगास ‘पूर्ण औषध-प्रतिरोधी क्षय’ असें नांव देण्यांत आलें. २०१२ च्या जानेवारींत या नांवानें देशभर खळबळ उडाली. सरकारनें त्या संज्ञेस आक्षेप घेतला. मार्चमध्यें जागतिक आरोग्य संघटनेनें बोलाविलेल्या तज्ज्ञांनींहि ती स्वीकारली नाहीं. त्यांचें म्हणणें असें कीं, दुसऱ्या फळींतील कित्येक औषधांची बशीवरची परीक्षा विश्वसनीय नाहीं, आणि नवीं औषधें येऊं घातलीं असतां ‘पूर्ण’ म्हणणें योग्य नव्हे. त्याच वर्षाच्या डिसेंबरांत अमेरिकेंत बेडाक्विलिन या क्षयावरील नव्या औषधास मान्यता मिळाली.

तज्ज्ञांचा आक्षेप शास्त्रदृष्ट्या बरोबर होता. पण मुंबईच्या डॉक्टरांनीं जें पाहिलें तें खोटें नव्हतें. त्या चार रोग्यांपुढें त्या दिवशीं चालण्याजोगें औषध उरलें नव्हतें, आणि त्यांचें दुखणें एखाद्या संज्ञेच्या मान्यतेवर अवलंबून नव्हतें. ‘पूर्ण’ या शब्दानें तपासलेल्या औषधांची यादी आणि जगांत असूं शकणारीं सर्व औषधें यांतील अंतर पुसलें, एवढाच त्याचा दोष. परंतु त्या शब्दानें जी दचक बसली तिनें क्षयाच्या तपासणीकडे अनेकांचें लक्ष वेधलें हेंहि खरें. संज्ञा चुकीची आणि सूचना बरोबर, असेंहि शास्त्राच्या इतिहासांत घडतें.

तेव्हां हा कागद हातीं आला म्हणजे सुशिक्षित वाचकानें त्याला काय विचारावें? प्रथम, हें लिखाण कोणाचें : या रोग्याच्या जंतूचें, कीं रुग्णालयाच्या वर्षभराच्या जंतूंचें? दुसरें, जंतु कोठून घेतला : रक्तांतून, लघवींतून, कीं नुसता कातडीवरून चुकून आलेला? तिसरें, ज्या औषधापुढें एस् आहे तें त्या जागीं, पुरेशा मात्रेंत पोंचेल काय, आणि रोग्याला सोसेल काय? या प्रश्नांचीं उत्तरें डॉक्टरनेंच द्यावयाचीं. पण प्रश्न ठाऊक असलेला घरचा माणूस तो कागद घेऊन औषधाच्या दुकानांत परस्पर जाणार नाहीं, आणि यादींतील सर्वांत महागड्या एस् चा आग्रह धरणार नाहीं. सरकारनेंहि १ मार्च २०१४ पासून कांहीं निवडक प्रतिजैविकांच्या विक्रीची वेगळी नोंद ठेवण्याचें बंधन दुकानदारांवर घातलें, तें याच कारणासाठीं.

एर्लिखच्या उंदरांपासून हॅमरस्मिथच्या खाटांपर्यंत आणि सिअ‍ॅटलच्या बशीपासून मुंबईच्या चार रोग्यांपर्यंत या शब्दाचा प्रवास झाला. प्रत्येक टप्प्यावर लिखाण अधिक रेखीव होत गेलें; पण त्यानें आपली मर्यादा सोडली नाहीं. औषध लागू पडेल कीं नाहीं याचा अंदाज तें देतें, जंतु दाद देतो कीं नाहीं हें बऱ्याच खात्रीनें सांगतें, आणि गुण येईल कीं नाहीं याविषयीं मौन पाळतें. त्या मौनाच्या जागीं वैद्याचा विचार, रोग्याची शुश्रूषा आणि औषधाची ठरलेली मुदत पुरी करण्याचा घरांतील निग्रह यांनाच उभें राहावें लागतें.